मुक्या घंट्या

बाळांनो, आणि बाळांच्या आजी-आजोबांनो, गळ्यात घंटी असूनही मुकी असलेली शेळी तुम्ही कधी पाहिली आहे का?

फार फार वर्षांपूर्वी एका डोंगराळ गावात अशा बारा शेळ्या होत्या. त्यांना राखणारी बाई दूरच्या मुलखातून आली होती. तिथे लढाई पेटली, तेव्हा आवाजावरून सैनिक माग काढतील म्हणून लोकांनी घंट्यांत गवताचे बोळे कोंबले आणि रानोमाळ पळाले. बाई वाचली. तिचा नवरा वाचला नाही.

त्याला सात वर्षे झाली. या गावात सैनिक नव्हते. तरी बाई रोज सकाळी घंट्यांत ताजे गवत कोंबायची.

"काय हो मावशी, शेळ्यांनी मौनव्रत धरलंय की काय?" शेजारीण चिडवायची.

"असू दे गं. मुकं असलेलं बरं."

संध्याकाळी मात्र दार लावून शेळ्यांना मीठ चारताना ती एक घंटी मोकळी करून हळूच वाजवायची. मग तिला आपला डोंगर आठवायचा. दिवेलागणीला सगळा उतार किणकिणायचा, नवरा लांबूनच "आलो गं!" म्हणायचा आणि ती तवा चुलीवर ठेवायची.

एकदा दुपारीच दाट धुके उतरले. कबरी नावाची गाभण शेळी कळपातून चुकली. कबरीची आजी बाईबरोबर तिकडून चालत आली होती. माहेर म्हणा, सासर म्हणा, बाईला तेवढेच उरले होते. उताराच्या पलीकडे खोल कडा होता.

शेजारीण धावत आली. दोघींनी हाका मारल्या. कबरी येईना.

"मीच तिची वाचा बंद केली गं!" बाई रडू लागली.

"तिचे कान तर उघडे आहेत ना? रोज संध्याकाळी तुमच्या दाराआडची घंटी मला ऐकू येते. ती वाजली की मीठ मिळतं, हे कबरीला ठाऊक आहे. बाकीच्या अकरांच्या घंट्या मोकळ्या करा."

"आवाज झाला की ते येतात."

"कोण येतंय मावशी? इथे तुम्ही, मी आणि हे मेलं धुकं!"

बाईने पहिला बोळा काढला. घंटी वाजताच तिने मागे वळून पाहिले. कोणी आले नाही. तिने दुसरा काढला, मग तिसरा. अकराव्या घंटीला सगळा उतार किणकिणू लागला. सात वर्षांत पहिल्यांदाच बाई मोठ्याने नवऱ्याचे नाव घेऊन रडली.

तेवढ्यात धुक्यातून बें-बें ऐकू आले. कबरी लंगडत आली आणि मिठासाठी बाईचा हात चाटू लागली.

भीतीपोटी आठवणींचे तोंड बांधले, की त्यांतल्या गोड आठवणीही मुक्या होतात.

दुसऱ्या दिवशी सकाळी बाईने घंट्यांत गवत घातले नाही. वाटेत तीनदा मागे वळून पाहिले, पण शेळ्या डोंगरावर नेल्या.