दौलूआबाची करकर

फार वर्षांपूर्वी, घाटमाथ्यावरच्या आमच्या कड्याच्या वाडीत "कोण आलं?" असं कुणी विचारत नसे. कशाला विचारतील? पाय वाजले की माणूस कळायचा! ही सगळी करणी वहाणा शिवणाऱ्या दौलूआबाची. तळाच्या दोन चामड्यांमध्ये तो एक बी बसवायचा. तिला विंचू म्हणत. मग पाऊल पडलं की वहाण बोलायची. पाटलाची गुरगुरायची, नव्या सुनेची लाजत लाजत कुरकुरायची. दोघांची करकर कधी सारखी निघाली नाही, असं म्हणतात. हसा, खुशाल हसा!

मग बाजारात रबरी चपला आल्या. स्वस्त, मऊ, चिखलात धुऊन निघणाऱ्या. वाडी बघता बघता मुकी झाली. दौलूआबाची आरी गंजली, तेही त्यानं सोसलं. पण त्याची लेक हौसा तसलीच जोडी घालून दारात उभी राहिली, तेव्हा त्याचा जीव तुटला.

"आबा, किती हलक्या आहेत बघा की!"

"आसतील बाई. पण तू आलीस हे मला कळायचं कसं?"

हौसा हसली आणि शेरडं घेऊन कड्याकडं गेली.

त्याच दुपारी धुकं उतरलं. आपला हात आपल्याला दिसेना. कड्याची धार कुठं नि वाट कुठं! हौसा जागीच थिजली. बापानं हाका मारल्या, पण दरी त्या चहूकडून परत फेकायला लागली. तेव्हा दौलूआबानं आपल्या जुन्या वहाणा पायांत चढवल्या आणि कड्याच्या धारेधारेनं तो चालत सुटला. करकर, करकर.

पाळण्यात असल्यापासून ऐकलेली ती करकर! हौसा तिच्यामागं निघाली, शेरडंही निघाली. करकर पुढं, लेक मागं, थेट घरापर्यंत.

"आबा!" म्हणून तिनं हात पुढं केला. उंबऱ्यावर वहाणा होत्या, दवानं भिजलेल्या. त्यांत पाय नव्हते.

दौलूआबा धुक्यात सुरुवातीलाच पाय घसरून दरीत गेला आणि पुढची वाट नुसत्या वहाणाच चालल्या, असं म्हणतात. हौसानं रबरी जोडी तिथंच काढली, ती जन्मात पुन्हा घातली नाही.

त्या वहाणा अजून देवळात आहेत. विंचू बसवणारा आता पंचक्रोशीत उरला नाही, म्हणून दुरुस्तीलाही त्या उसवायला कुणी धजत नाही. तेल तेवढं चोळतात. करकर फार बारीक झालीय हो. दरसाल पहिलं धुकं उतरलं की वाडीतलं कुणीतरी त्या घालून कड्यापासून हौसाच्या उंबऱ्यापर्यंत चालतं. बाकीची वाडी चपला काढून घराघरांत कान देऊन बसते.

पावलं दाराशी येऊन थांबतात. त्या दिवशी "कोण आलं?" असं कुणी विचारत नाही.