जात्याला टाकी

"माणूस किती वेळा नापास झाला म्हणजे त्याचं नाव खोडावं, बाबा?"

तिमाप्पा बाबांनी मान वर केली नाही. त्यांच्या पुढ्यात एक दगडी जातं होतं आणि त्यावरची धूळ ते धोतराच्या सोग्यानं पुसत होते.

शेवाळे सर उभेच होते. काखेत हजेरीपुस्तक, खिशाला लाल पेन.

"बसा मास्तर," बाबा म्हणाले.

सर बसले. बसायला गोणपाट होतं, पण सरांनी आधी त्यावर रुमाल अंथरला.

भैरोबाच्या देवळामागं, नांद्रुकीच्या झाडाच्या सावलीत बाबांची बैठक. जन्मभर पाथरवटाचं काम करत गावोगाव हिंडलेला हा म्हातारा पाय थकल्यावर इथं थांबला तो थांबलाच. लोक जातं, पाटा घेऊन येत, तसे मनातले प्रश्नही घेऊन येत. बाबा दोन्हींना सारखाच वेळ देत. जातं मात्र लवकर परत मिळे.

शेवाळे सर कुणाला काही विचारायला जाणारे गृहस्थ नव्हते. शाळा सुटलेल्या मोठ्या माणसांना ते मोटारी भरायला शिकवत. विहिरीवरची पाण्याची मोटार जळली की आतली तांब्याची तार काढून नवी भरायची, हा तो धंदा. एकवीस वर्षं त्यांचा रविवारचा वर्ग चालू होता. हात असा बसला होता की डोळे मिटून ते मोटारीच्या खाचांत तार भरत आणि वर्ग टाळ्या वाजवी.

टाळ्या वाजवून झाल्या की एकेक जण यायचा बंद होई, ही गोष्ट वेगळी.

"कोण नापास झालं?" बाबांनी विचारलं.

"चंद्रभान. सत्तेचाळीस वर्षांचा आहे. ऊसतोडीत गुडघे गेले त्याचे. म्हणाला, सर, बसून करायचं काम शिकवा. शिकवलं. परीक्षेत मोटार भरली, सुरू केली, तर धूर. दुसऱ्यांदा दिली, तेच. परवा तिसऱ्यांदा."

"परत धूर?"

"धूर आणि वास. तीनदा नापास झाला की नाव खोडायचं, असा संस्थेचा नियम आहे. एकदा खोडलं की पुन्हा प्रवेश नाही."

"मग खोडा की. हितं कशाला आला?"

सर जरा अडखळले.

"तो म्हणतो, तिमाप्पा बाबांनी सांगितलं तर मी मुकाट्यानं जातो. कोयता घेऊन परत फडात जातो..."

"त्या गुडघ्यांवर?"

"त्याच गुडघ्यांवर."

बाबा पुन्हा जातं पुसू लागले.

खरं सांगायचं तर सरांचा निर्णय कधीच झाला होता. रेघ ओढायला त्यांनी दोनदा पेन उचललं, आणि दोन्ही वेळा त्यांना वर्गाच्या पायऱ्या भिंतीला धरून उतरणारा चंद्रभान दिसला. वाईट वाटत होतं त्यांना, खोटं कशाला बोला! म्हणून ती रेघ ते बाबांच्या तोंडून ओढून घ्यायला आले होते.

"त्याचं चुकतं काय?" बाबांनी विचारलं.

"तार खाचेत सरकवताना तो ती खरवडतो. तारेवर एक पातळ लेप असतो. तो गेला की मोटार जळणारच. हजारदा दाखवलं मी. डोळे मिटून करून दाखवलं, बाबा! आणखी काय करायचं?"

"डोळं मिटून..."

"हो."

"बरं."

बाबांनी शेजारच्या गाडग्यातली मूठभर ज्वारी जात्याच्या तोंडात टाकली आणि खुंट्याकडे बोट दाखवलं.

"फिरवा."

सरांना हे अपेक्षित नव्हतं. पण हाताचं काम म्हटलं की ते मागं हटत नसत. त्यांनी बाह्या सारल्या, खुंटा धरला आणि फिरवला.

जातं लोण्यातून फिरावं तसं फिरलं. ना आवाज, ना अटकाव.

"वा!" सर मनापासून म्हणाले. "काय हलकं चालतंय हो. याला म्हणतात दगडांची बैठक."

बाबांनी मान डोलावली.

सर फिरवत राहिले. पाच फेरे, दहा फेरे. मग त्यांनी जात्याच्या कडेला पाहिलं. ज्वारी बाहेर येत होती. अख्खीच्या अख्खी. मधूनच एखादा दाणा चेपलेला, बाकी आत गेले तसे बाहेर.

सरांनी एक दाणा उचलला. दाताखाली धरून पाहिला.

"दाणा कडक आहे, बाबा. असल्या ज्वारीचं पीठ व्हायचं नाही."

'नाचता येईना अंगण वाकडे' ही म्हण सर वर्गात दर रविवारी कुणाला ना कुणाला ऐकवत. त्या दिवशी मात्र ती त्यांच्या जिभेवर आली नाही.

बाबांनी ते सगळे दाणे गोळा केले. एकही सांडू दिला नाही. शेजारी दुसरं एक जातं होतं, त्याच्या तोंडात ते टाकले.

"आता ह्ये."

हे जातं अडेलतट्टू निघालं. घरघरलं, अडलं, पुन्हा घरघरलं. चार फेऱ्यांत सरांच्या खांद्याला रग लागली. पण कडेला पीठ पडू लागलं... पांढरं, बारीक, कोमट.

सरांनी ते चिमटीत घेतलं. बराच वेळ चोळत बसले.

"हे नवं आहे का?"

"न्हाई. त्याच्याहून जुनं हाय. ह्याला काल टाकी लावली."

"टाकी लावली म्हणजे?"

बाबांनी पहिल्या जात्याचा वरचा दगड बाजूला केला. आतली बाजू दिसली. पिढ्यान्‌पिढ्या दळून दळून तिला तोंड दिसेल अशी तकाकी आली होती. बाबांनी छोटी छिन्नी उचलली. हीच टाकी. गुळगुळीत झालेल्या दगडावर तिनं पुन्हा बारीक खळगे पाडायचे, दगड खरखरीत करायचा, की तो दाणा धरू लागतो. काम एवढंच.

"ह्ये लई वर्सं चाललंय," बाबा दगडावरून हात फिरवत म्हणाले. "काय सुदीक चुकत न्हाई बगा त्याचं. नुसतं फिरतंय."

सरांना कुठंतरी टोचलं. पण कुठं ते शोधण्यापेक्षा हात चालवणं त्यांना सोपं वाटलं.

"द्या इकडं. मी लावतो टाकी. हत्यार धरता येतं मला."

"आदी बगा तर."

बाबांनी डोळे मिटले. टकटकटकटक... सरांनी चष्मा नीट करेपर्यंत दगडावर खळग्यांची एक अख्खी ओळ पडली होती, दोरी लावल्यासारखी सरळ.

"झालं. मारा."

"बाबा, मला काही दिसलंच नाही."

"परत दावतो."

पुन्हा डोळे मिटले, पुन्हा टकटकटकटक, पुन्हा एक ओळ. मग बाबा हात थांबवून तसेच बसून राहिले. टाळ्यांची वाट पाहत असावेत असे.

सरांनी टाकी आणि हातोडी घेतली. एकवीस वर्षांचा बसलेला हात. त्याला एक घाव काय अवघड?

पहिल्या घावाला टाकी घसरली. दगडावर एक लांब पांढरा ओरखडा उठला.

दुसरा घाव अंगठ्यावर बसला.

तिसरा बरोबर बसला असं सरांना वाटलं, आणि तेवढ्यात जात्याच्या कडेचा सुपारीएवढा टवका उडून गोणपाटावर पडला.

सर पांढरेफटक पडले. कुणा माउलीचं ते जातं. उद्या न्यायला येईल. लाज वाटली त्यांना, लहान मुलाला वाटते तशी उघडी लाज. आपण शेवटचं कधी असं चुकलो होतो ते त्यांना आठवेना.

बाबांनी टवका उचलला, पाहिला, बाजूला ठेवला. रागावले नाहीत. ते रागावले असते तर सरांना बरं वाटलं असतं.

"बाबा..." सर खालच्या आवाजात म्हणाले. "एक घाव सावकाश दाखवा ना. टाकी कशी धरायची, कुठं टेकवायची... नुसता एकच."

बाबांनी टाकी हातात घेतली. दगडावर टेकवली, उचलली, पुन्हा टेकवली. मग मान हलवली.

"सावकाश..." ते म्हणाले. "इसरलो की ओ, मास्तर."

नांद्रुकीवर कावळा ओरडला आणि गप्प झाला. सर दुखरा अंगठा मुठीत धरून बसले होते. रुमाल कधीच बाजूला सरकला होता आणि त्यांची पांढरी विजार गोणपाटाच्या धुळीत मळत होती.

शेवटी त्यांनी विचारलं,

"मग चंद्रभानचं काय करू?"

"बुक आणलंय न्हवं? उघडा."

सरांनी हजेरीपुस्तक मांडीवर उघडलं. बारा जणांचा वर्ग. चार पास होऊन गेलेले, सात आपणहून गळालेले. सगळ्यांत खाली एकच नाव उरलं होतं. सरांनी खिशाचं लाल पेन काढलं. सुटल्यासारखं वाटलं त्यांना.

"खोडू?"

"थांबा," बाबा म्हणाले. "आदी त्याच्या खाली तुमचं नाव लिवा. तुमचंबी तीन झालं. मग वडा रेघ... दोगांवरनं एकच."