चव्वेचाळीस वाती

“पण आक्का, सातवा मजला सहाव्याच्या वर असतो, एवढं तरी खरं ना?”

“असतो,” आक्का म्हणाल्या.

“मग झालं तर!” हर्षदने मांडीवर थाप मारली.

माहुलीच्या घाटावर नदीकडे तोंड केलेली एक ओवरी आहे. तिथे यमुनाक्का राहतात. छत्तीस वर्षं त्यांनी शाळेत गणित शिकवलं. निवृत्त झाल्या, यजमान गेले, मग इथे येऊन राहिल्या. गुरुवारी सकाळी माणसं त्यांच्यापाशी येऊन बसतात. त्या फार बोलत नाहीत. वाती वळत असतात.

त्यांचं लक्षवातीचं व्रत आहे. लाख वाती, सगळ्या स्वतःच्या हातच्या. रोज पंचवीस वळायच्या, शंभर झाल्या की पुडकं बांधायचं. नऊ वर्षं झाली. कोनाड्यात आठशेवीस पुडकी आहेत. लाख व्हायला अजून दोन वर्षं तरी लागतील.

मी दर गुरुवारी तिथे समया घासतो. त्यामुळे हे सगळं माझ्या कानांनी ऐकलेलं आहे.

हर्षद शिराळकर आक्कांचा शाळेपासूनचा शिष्य. साताऱ्यात त्याचं चष्म्याचं दुकान आहे. वडिलांनी उभं केलेलं, एका पैशाचं कर्ज नसलेलं. माणूस हुशार आहे. पण ती हुशारी समोरच्याला कळली नाही, तर त्याला जेवण जात नाही.

“सहाव्यावर कोण?” आक्कांनी विचारलं.

“उदय. आमचा साडू. मी बरोब्बर त्याच्या डोक्यावर.”

“आणि आत्ता राहतोस ते?”

“ते काय घर आहे, आक्का? दोन खोल्या आणि एक पडवी. बाबांनी बांधलं, ठीक आहे. नव्या फ्लॅटमध्ये तीन बेडरूम. उदयपेक्षा सव्वाशे फूट जास्त. उद्या अकराला बँकेत सह्या. दुकानाचे कागदही मागितलेत तारण म्हणून, तेवढं द्यायचं.”

खोटं कशाला बोलू, तीन बेडरूम म्हटल्यावर माझ्याही पोटात दुखलं. मी भाड्याच्या खोलीत राहतो. हातातली समई मी जरा जोरातच घासली.

“मृणाल काय म्हणते?”

बायकोचं नाव निघताच हर्षदने बाही सारखी केली.

“ती म्हणते, आक्का हो म्हणाल्या तर सही करते... कर्ज दोघांच्या नावावर आहे ना. म्हणून तर आलो. तुमचा आशीर्वाद घेऊन जातो.”

आक्का वात वळतच होत्या. हातातली वात पुरी करून त्यांनी ताटलीत ठेवली.

“कर्ज किती?”

“पंचावन्न लाख. शेकडा नऊने.” हर्षद पुढे सरकला. “आता खरी गंमत ऐका. उदयने घेतले पन्नास, त्याच दराने. हप्ता भरतो पंचेचाळीस हजार. मी घेतोय पंचावन्न, आणि माझा हप्ता चव्वेचाळीस हजारांच्या जरा वर. घर मोठं, कर्ज मोठं, आणि हप्ता त्याच्यापेक्षा सातशेनं कमी! आहे की नाही?”

“कसं काय?”

“त्याने वीस वर्षांचं घेतलं. मी तीस. डोकं लागतं, आक्का.”

आक्कांनी कापसाची टोपली त्याच्यापुढे सरकवली. शेजारी राखेची वाटी ठेवली.

“वळ.”

“काय?”

“वाती. एक वात म्हणजे तुझे हजार रुपये. पहिल्या हप्त्याच्या वळ.”

“पण तुमच्या व्रतात दुसऱ्याच्या हातची वात चालत नाही ना?”

“माझ्यासाठी नकोच आहेत.”

हर्षद हसला. शर्टाच्या बाह्या दुमडून बसला. बोटाला राख लावून त्याने पहिली वात वळली, ती मधेच फुगली. दुसरी तुटली. चौथी-पाचवी जरा वातीसारखी दिसायला लागली.

हात चालायला लागले की माणसाचं तोंडही सुटतं.

“वास्तुशांतीला गेलो होतो, आक्का, उदयच्या. स्वयंपाकघरातले ड्रॉवर... हलकेच ढकलायचे, आपोआप बंद होतात. आवाज नाही. मी पाच वेळा उघडबंद करून बघितले. त्याच्या बायकोने, वर्षाताईंनी, पाहिलं. काही बोलल्या नाहीत, पण पाहिलं.”

आक्का आपल्या वाती वळत होत्या.

“सासूबाई सगळ्यांसमोर म्हणाल्या, उदयरावांनी करून दाखवलं हो. माझ्या ताटात जिलबी वाढत होत्या तेव्हा. जिलबी वाढता वाढता!”

“अकरा झाल्या,” आक्का म्हणाल्या.

“लग्नात काय होतं त्याच्याकडे? फाटकी स्कूटर. सोळा वर्षं तो माझ्याकडून चष्मा फुकट घेतो. आता मला सांगतो, हर्षदराव, दुकानात इंटीरियर करून घ्या. मला!”

वात तुटली. त्याने दुसरी घेतली.

मग त्याने तीन-चार वाती सलग वळल्या. खाली कुणीतरी पायरीवर कपडे आपटत होतं.

“मृणाल त्यांच्या गॅलरीत उभी होती,” तो हळू आवाजात म्हणाला. “वारा होता. वर्षाताई काहीतरी बोलल्या आणि ती हसली... अशी मोकळी. आमच्या घरात ती तशी हसत नाही, आक्का. मी खालून बघितलं. मी पान आणायला खाली गेलो होतो. वर बघितलं, आणि त्या सहाव्या मजल्याचा मला एवढा हेवा वाटला की पान तोंडात तसंच राहिलं.”

आक्कांनी त्याच्याकडे एकदा पाहिलं. मग पुन्हा कापसाकडे.

चव्वेचाळीस वाती व्हायला त्याला तास लागला. बोटं काळी झाली होती. तरी शेवटच्या वाती चांगल्या जमल्या होत्या. त्याने ताटली आक्कांपुढे ठेवली आणि पाठ सरळ केली.

आक्कांनी वाती मोजायला सुरुवात केली. एक, दोन, तीन... मोजलेल्या वाती त्या डाव्या मुठीत धरत होत्या. एक्केचाळीसवर थांबल्या.

“सोपान, ह्या तुला.”

सोपान म्हणजे मी. हात पुसून मी वाती घेतल्या. बसल्या जागी एक्केचाळीस वाती मिळाल्या. कष्ट काही नाहीत. बरं वाटलं.

ताटलीत तीन उरल्या.

“ह्या तुझ्या,” आक्का म्हणाल्या.

हर्षद ताटलीकडे बघत राहिला.

“तीनच?”

“चक्रवाढ व्याजात तुला पैकीच्या पैकी मिळाले होते. पंचावन्न लाखांचं एका महिन्याचं व्याज काढ.”

त्याचे ओठ हलले. गणित त्याच्या तोंडावर होतंच.

“एक्केचाळीस हजार... अडीचशे.”

“मुद्दलात किती गेले?”

“...तीन.”

“पुढच्या महिन्यात?”

“तीनच.”

“वर्षाने?”

“सव्वातीन.”

“पाच वर्षांनी?”

“पावणेपाच,” तो म्हणाला.

आक्कांनी कोनाड्याकडे बोट केलं.

“एका पुडक्यात शंभर वाती. म्हणजे तुझा एक लाख. त्यातली पंचावन्न पुडकी मी तुला उसनी दिली समज. तू परत किती आणून देशील?”

हर्षदने डोळे मिटले. बोटांच्या पेरांवर अंगठा फिरला. एकदा फिरला, पुन्हा फिरला. हा हिशेब बँकेत त्याने केलाच नव्हता. सातशे रुपये कमी, एवढंच त्याने पाहिलं होतं.

“एकशे... एकोणसाठ.”

“तेव्हा तुझं वय?”

“सत्तर.”

नदीकडून वारा आला. ताटलीतली एक वात उडाली, ती त्याने झटकन पकडून पुन्हा जागेवर ठेवली. त्या तीन वातींना तो आता फार जपत होता.

आक्का पुन्हा आपल्या वाती वळायला लागल्या.

मला वाटलं, संपलं. पोरगा शहाणा झाला. आता उठेल, पाया पडेल आणि घरी जाईल.

हर्षदने मान वर केली.

“उदयच्या किती राहतात?”

आक्कांचे हात थांबले. अर्धी वात हातात असताना ते थांबलेले मी त्या सकाळी पहिल्यांदाच पाहिले.

“काय म्हणालास?”

“उदयच्या ताटलीत. पहिल्या महिन्याला. किती?”

“साडेसात.”

“साडेसात?” त्याचा चेहरा पडला. स्वतःच्या एक्केचाळीस गेल्या तेव्हाही इतका पडला नव्हता. “आणि एकूण? पन्नासची किती होतात त्याची?”

“तूच काढ.”

“एकशे आठ,” तो पुटपुटला.

जपाच्या माळेइतकी, असं माझ्या मनात आलं, पण मी तोंड बंद ठेवलं.

“म्हणजे माझी त्याच्यापेक्षा एकावन्न पुडकी जास्त जाणार! घर पाच लाखांनी मोठं, आणि एकावन्न लाख...” तो उठून उभा राहिला. दोन पावलं घाटाकडे गेला, परत आला. “त्याला हे माहीत होतं. म्हणून तो हसत होता. मी तीस वर्षांचं बोललो तेव्हा तो हसला होता, आक्का!”

“असेल.”

“मग मीही वीसचंच घेतो!”

“हप्ता?”

“साडेएकोणपन्नास हजार.”

“दुकानातून निघतील?”

“...ओढाताण होईल. मृणाल लॅबमध्ये सकाळीच जाते. संध्याकाळचंही काम धरेल. रविवार आहेच. दहा-बारा वर्षांचा तर प्रश्न आहे... वीस वर्षांचा.”

“गॅलरीत केव्हा उभी राहील ती?”

हर्षदने ते ऐकलं की नाही, मला सांगता येणार नाही. तो बोलतच होता. दुकानाचा मागचा भाग भाड्याने देता येईल. बाबांच्या विम्याचे थोडे आहेत. गाडी विकता येईल, उदयची गाडी तशीही जुनीच आहे.

आक्का ऐकत होत्या.

शेवटी बोलणं संपलं. तो त्यांच्यासमोर बसला आणि वाकला. राखेने माखलेले हात त्याने जमिनीवर टेकले.

“काय ते सांगा, आक्का. मृणाल वाट बघतेय. तुम्ही नाही म्हणालात तर मी तसं तिला सांगेन. माझी काही तक्रार नाही.”

“मी नाही कुठे म्हटलं?”

“मग हो?”

“आशीर्वाद हवाय ना?”

“हो.”

आक्कांनी मांडीवरचा कापूस बाजूला ठेवला. पदर खांद्यावरून घेतला. नदीकडे वळून हात जोडले, डोळे मिटले, आणि शाळेत कविता म्हणून घ्यायच्या तशा ठणठणीत आवाजात म्हणाल्या,

“देवा, उदयला उदंड आयुष्य दे. त्याची नोकरी टिकू दे. त्याच्या घराचा रंग उडू नये, त्याचे ड्रॉवर आपोआप बंद होत राहू देत. त्याने ते घर कधी विकू नये, कधी दुसऱ्या गावी जाऊ नये, कधी त्याला त्या घराचा कंटाळा येऊ नये. त्याच्या सासूने त्याचं कौतुक करणं कधी थांबवू नये. तीस वर्षं त्याला सहाव्या मजल्यावर असाच सुखात ठेव.”

त्यांनी हात खाली घेतले.

हर्षदचा चेहरा लाल झाला होता. हा अपमान आहे की थट्टा, ते त्याला कळेना. मलाही कळेना, खरं सांगायचं तर.

“आक्का... आशीर्वाद मी माझ्यासाठी मागितला होता.”

“तुझ्यासाठीच मागितला.”

“माझ्यासाठी? तुम्ही तर सगळं उदयसाठी...”

आक्कांनी पुन्हा कापूस हातात घेतला. एक पेळू सोडवला आणि बोटांत धरला.

“उद्या त्याने ते घर विकलं, तर तुझे पुढचे हप्ते तू कुणासाठी भरशील रे?”