लाखीच्या घशातलं हाड

"महाराज, बिरूला इथं येऊन किती दिवस झाले?" केवळगिरीनं विचारलं.

रेवणगिरी भाकरी मोडत होते. "पाऊस सरता सरता आला. का रे?"

"आणि मला?"

"तुला... बारा वर्षं."

"मग काल आलेल्या धनगराला तुमच्या शेजारची घोंगडी, आणि मी दाराशी?"

महाराजांनी भाकरीचा तुकडा तोंडात टाकला.

टेकडीवरच्या त्या मठात तिघंच राहत. म्हातारे रेवणगिरी, थोरला शिष्य केवळगिरी आणि हा नवा बिरू. बिरूबरोबर त्याची कुत्री आली होती, लाखी. महाराज आपल्या ताटातला घास तिलाही टाकत. केवळगिरीला तेही सलायचं.

अंगणातून घरघर ऐकू आली.

लाखी पंज्यांनी स्वतःचं तोंड ओरबाडत होती. लाळ गळत होती, डोळे पांढरे झाले होते. कुठून तरी आणलेलं हाड घशात अडकलं होतं. बिरू बाजाराला गेलेला.

"काढ ते," महाराज म्हणाले.

केवळगिरी जागचा हलला नाही. "ज्याची कुत्री, तो येऊन काढील."

लाखीचे पाय लटपटले. ती कुशीवर कोसळली.

मेली तर बरंच... त्याच्या मनात आलं. आणि तो स्वतःच दचकला.

तोवर महाराज उठले होते. त्यांना धड दिसत नव्हतं, हात कापत होता. तोच हात त्यांनी कुत्रीच्या तोंडाकडे नेला.

"सरा, महाराज! फाडेल ती!"

त्यानं त्यांना बाजूला केलं. गुडघ्यावर बसून लाखीचा जबडा उघडला. हाड आडवं बसलं होतं. बोट पोचलं, पण निसटलं. मग त्यानं तिचे मागचे पाय वर उचलून मांड्यांत धरले, डोकं खाली केलं, खांद्यांच्या मधोमध थापा घातल्या. एक... दोन... तीन. हाड सैल झालं. त्यानं पुन्हा बोटं घातली आणि ओढलं.

हाड बाहेर आलं. त्याच क्षणी दात त्याच्या हातात रुतले.

लाखीनं मोठा श्वास घेतला. खोकली. उठली.

पायवाटेनं बिरू येत होता. लाखी धडपडत तिकडे धावली आणि त्याच्या पायांत लोळू लागली. एकदाही मागं वळली नाही.

"पाहिलंत?" केवळगिरीचा आवाज चिरकला. "जीव मी वाचवला. रक्त माझं सांडलं. आणि गेली कुणाकडे?"

महाराजांनी कमंडलू उचलला. त्याच्या जखमेवर पाणी ओतत राहिले. बराच वेळ... रक्त थांबेपर्यंत.

मग वाकले, चाचपडत मातीतलं ते हाड शोधलं आणि त्याच्या ओल्या तळहातावर ठेवलं.

"घे. परत घाल तिच्या घशात."