गुंजी आणि निववारा

माणसाने अजून न पाहिलेल्या आकाशात फार पूर्वी निववारा नावाचं थंडगार वादळ सुटलं. ते ज्या ताऱ्यावरून जाई, तो तारा विझे. घाबरून प्रत्येकाने आपली आग पोटाशी धरली, तरी तारे विझतच होते.

म्हातारा धवलतारा विझू लागला, तेव्हा शेजारची चिमुकली तांबडी गुंजी म्हणाली, "आजोबा, माझी आग घ्या."

"वेडे, मग तू विझशील!"

"विझले तर तुम्ही मला पेटवा की."

तसंच झालं. गुंजी विझली, धवलने तिला पेटवलं. धवल विझला, गुंजीने त्याला पेटवलं. ते पाहून बाकीच्यांनीही आपली आग मोकळी केली. वादळ एकाला विझवी, तोवर शेजारचे दोघे त्याला पेटवत. शेवटी निववारा दमून पळत सुटला, तेव्हा त्याच्या पाठीवर सगळ्या ताऱ्यांचा उजेड पडला होता.