नवव्यांदा उगवलेला दिवस

“…म्हणजे आपण करतो ते आपणच करतो, की आपल्याकडून ते करवून घेतलं जातं? एवढंच सांगा, आई. मी लगेच निघतो.”

बैरागीण नागाईसा चुलीपुढे बसून पेज ढवळत होती. तिने वर पाहिलं नाही.

रेवण गणक मठीच्या दारातच उभा राहिला. डोंगर चढून त्याला धाप लागली होती, पण आवाजातला ताठा उतरला नव्हता. सात गावं त्याच्या पंचांगावर पेरणी करत. कुणाला विचारायला जायची त्याला सवय नव्हती.

ही त्या काळातली गोष्ट, जेव्हा दिवस अडकत.

एखादा दिवस मावळे आणि दुसऱ्या सकाळी तोच पुन्हा उगवे. कधी तीनदा, कधी वीसदा. मग केव्हातरी, न सांगता, पुढचा दिवस उजाडे. घडलेलं सगळं माणसांच्या ध्यानात राही, पण केलेलं सगळं पुसलं जाई. पाऊस ठरल्या घटकेला येई, मरणही ठरल्या घटकेला येई. पाय आणि जीभ तेवढी ज्याची त्याची. शेवटच्या फेऱ्यात जे होई ते कायमचं. पण शेवटचा फेरा कोणता, हे कुणालाच आधी कळत नसे.

लोकांनी आपली सोय पाहिली होती. अडकलेल्या दिवशी कुणी भांडी घासत नसे. सकाळी ती आपोआप लख्ख सापडत. कुणी अंगण सारवत नसे. आणि अडकलेल्या दिवशी कुणी जायला टेकलं, तर उशाशी कुणी बसत नसे. सकाळी उठणारच आहे, म्हणत.

रेवणची बायको देमाई वीस दिवस तापाने अंथरुणाला खिळली होती. ती गेली, तोच दिवस अडकला. रोज सकाळी ती डोळे उघडी. रोज तिसऱ्या प्रहरी, मागच्या दाराच्या उंबऱ्याला ऊन टेकलं, की जाई.

आज तो दिवस नवव्यांदा उगवला होता.

रेवणने सगळं एका दमात सांगितलं. पहिल्या दिवशी तो घटका मोजत घटिकापात्राजवळ होता. निरोप पोचला तेव्हा उशीर झाला होता. मग एके दिवशी राजवैद्य. एके दिवशी घाटाखालचा मांत्रिक. एके दिवशी घोडं उसनं घेऊन तो कुठलीशी मुळी आणायला गेला, तर घोडं वाटेत लंगडलं. दुसऱ्या दिवशी वाट बदलली, घोडं बदललं. मुळी वेळेत पोचली, उगाळून झाली, आणि देमाई ठरल्या घटकेला गेली. त्या वेळी तो मागच्या मागे परसात शिरून सहाणेवर वाकलेला होता. गाव सारीपाट मांडून बसलं आहे, असंही त्याने सांगितलं. आपण तरी हातपाय हलवतो आहोत. मग उत्तर मागायचा हक्क आपला नाही तर कुणाचा?

“आणि तुम्ही,” तो म्हणाला, “तुमच्याकडेही दोनदा आलो. चौथ्या दिवशी आणि सातव्या दिवशी. दोन्ही वेळा मठीला कडी. कुठे असता तुम्ही?”

“तुझ्या घरी.”

…

चुलीतलं लाकूड तिने मागे ओढलं. मग सावकाश सांगितलं. पहिल्या दिवशी ती नेहमीसारखी भिक्षेला गेली होती. दार उघडं, पण भिक्षा येईना. तापातही देमाई पडल्या जागेवरून हाक मारून भिक्षा घ्यायला लावी, ती कधी चुकलेली नव्हती, म्हणून तिने आत डोकावलं. त्या दिवसापासून ती रोज पेज घेऊन उतरते. आताही निघतच होती. देमाई दोन घोट घेते. तिसरा नको म्हणते.

रेवण हळूच उंबऱ्यावर बसला.

“मला कुणी सांगितलं नाही.”

“सकाळी तू घरात किती वेळ असतोस?”

देमाईने डोळे उघडले की ‘पडून राहा, आलोच,’ एवढं म्हणून तो चपला पायात घाली. आठही दिवस. आज नववा.

“घाबरते का ती?” त्याने विचारलं.

“पहिले दोन दिवस घाबरली. आता हसते. मी जाऊन बसले, की आज तू कुठे गेला असशील ते मला सांगते. तापातही काय चेष्टा सुचते तिला! म्हणते, ‘आज मांत्रिकाची पाळी. आमचे हे मंत्रातल्या चुका काढतील आणि तो रुसून बसेल.’”

रेवणने मान खाली घातली. तसंच झालं होतं.

“अजून एकदाही चुकलेली नाही,” नागाईसा म्हणाली. “काल मला म्हणाली, ‘उद्या ते तुमच्याकडे येतील. औषधं संपत आली, आता प्रश्न काढतील.’”

“कोणता प्रश्न?”

“तू आता विचारलास तोच. शब्दसुद्धा हेच.”

…

खाली खोऱ्यात कुणाच्या तरी गाई निघाल्या होत्या. गेले आठ दिवस त्या याच वेळी निघत होत्या.

रेवण बोलला, पण तो गणकाचा आवाज नव्हता.

“आणि तुमच्याकडून उठून मी कुठे जाईन म्हणाली?”

“नदीपलीकडच्या वैद्याकडे. ‘तो तेवढा राहिलाय,’ म्हणाली.”

रेवणच्या कमरेला त्या वैद्याला द्यायचं नवं धोतर गुंडाळी करून बांधलेलं होतं. त्याने ते सोडलं, आणि कुठे ठेवावं ते न कळून मांडीवर धरून बसला.

नागाईसाने पेज लहान मडक्यात ओतली. तोंडावर पळसाचं पान झाकलं, दोऱ्याने बांधलं. मग पायांतल्या खडावा काढून तिने भिंतीशी नीट जोडून ठेवल्या, आणि मडकं त्याच्यापुढे धरलं.

मडकं ऊन होतं. त्याने ते दोन्ही हातांनी घेतलं.

“तिथे जाऊन मी करू काय, आई? मला काहीच येत नाही.”

नागाईसाने उन्हाकडे पाहिलं. अजून वेळ होता.

“जा बाबा. आज तिला एकदा चुकू दे.”