पुलावर आधी कोण?

तांबेगडच्या राजेसाहेबांनी उद्घाटनाच्या आदल्या दिवशीच हट्ट धरला. नव्या रेल्वे पुलावरून गाडी खुशाल नदीपार जाऊ दे, पण ते इंजिन आपल्या डब्यापुढे जाता कामा नये!

दिवाण बिचारे घामाघूम. तीन पावसाळे नदीने पुलाचे खांब पाडले, चौथ्यांदा कुठे ते टिकले, आणि आता हे नवं खूळ.

"महाराज, मग इंजिन मागे लावू," दिवाण म्हणाले.

"म्हणजे मला ढकलत नेणार? मी काय केळ्यांची हातगाडी आहे?"

"मग महाराजांनी इंजिनातच बसावं."

"आणि तोंड काळं करून पलीकडे उतरावं? उद्या सकाळपर्यंत तोड काढा, नाहीतर रूळ उखडा. होड्या आहेतच."

हे ऐकलं आणि मागे पंखा ढाळणाऱ्या येसूचा हात थांबला. तिचं माहेर नदीपलीकडे. पावसाळा लागला की होड्या बंद, मग चार महिने आईची भेट नाही. यंदा तर आई अंथरुणाला खिळलेली, आणि आभाळ भरून आलेलं.

"पंखा का थांबला?" राजेसाहेब गुरगुरले.

"चुकलं सरकार. पण एक विचारू? दरबारात येताना चोपदार सरकारांच्या पुढे चालतो. त्याचा राग नाही येत?"

"राग कसला? तो ललकारी देतो, वाट मोकळी करतो. त्याचं कामच ते."

"मग इंजिन दुसरं काय करतं? शिट्टी देतं, वाट मोकळी करतं. सरकारांचा चोपदारच की!"

दिवाणांच्या जिवात जीव आला. पण एवढ्यावर ऐकतील तर ते राजेसाहेब कसले!

"फार शहाणी आहेस. चोपदार दाराशी अदबीने थांबतो, पुढे मी एकटा जातो. तुझं ते धूड थांबेल?"

"न थांबून सांगतं कुणाला? सरकार स्टेशनात उतरतील, वाटेल तिकडे जातील. ते मात्र तिथेच उभं राहील. रूळ सोडून एक पाऊल पुढे टाकायची त्याची छाती आहे का?"

राजेसाहेब इतके हसले, की मंदील कानावर आला.

"दिवाणजी, इंजिनाला चोपदाराचा पट्टा बांधा! आणि पोरी, तू काय हवं ते माग."

"पहिल्या गाडीत जागा द्या सरकार. आई आजारी आहे."

"दिली. आमच्या राजवैद्यांनाही सोबत ने. मात्र बसायचं आमच्या मागच्या डब्यात!"